एव्हर्ली म्हणजे रानडुकरांचं रान

डिव्हाइझेस, विल्टशर
४ मार्च २०२३

प्रिय मिसेस सग्डेन,

माझं पत्र बघून तुम्हाला आश्चर्य वाटेल. आपल्या दोघींत आजवर एकदाच पत्रं गेली-आली, तीही मुलांच्या लग्नातल्या केकमध्ये मनुका असाव्यात की नसाव्यात यावरून. खरं तर फोनवर निरोप पाठवायला हवा होता. पण तुमच्या क्रेगने जो घरचा ग्रुप केलाय त्यात मुलंही आहेत, आणि मला जे सांगायचंय ते मुलांनी वाचून चालणार नाही. तुम्हाला एकटीला वेगळं कसं पाठवायचं ते मला येत नाही. मागे एकदा माझ्या मूळव्याधीबद्दल डॉक्टरांना लिहिलेला निरोप चर्चच्या अख्ख्या गायकमंडळीला गेला होता.

बुधवारी आपल्याला नात झाली. सात पौंड, दोघी सुखरूप. इथपर्यंत आनंदच होता. मग नाव आलं. एव्हर्ली.

मी छत्तीस वर्षं शाळेत लॅटिन शिकवलं. नाव म्हणजे काहीतरी अर्थ असलेली गोष्ट असते, अशी माझी समजूत होती. मुलांना वाटत असणार, 'एव्हर' म्हणजे सदैव, किती गोड. तसं काही नाही. जुन्या इंग्रजीत 'एओफोर' म्हणजे रानडुक्कर, आणि 'लेआ' म्हणजे झाडं तोडून केलेली मोकळी जागा. म्हणजे आपल्या नातीचं नाव आहे रानडुकरांचं रान. माझ्या घरापासून पंधरा मैलांवर याच नावाचं एक खेडं आहे. एक चर्च, एक वळण, बाकी शेतं. माणसाच्या पोरीला ठेवायचं हे नाव नव्हे.

जन्माची नोंद करायला कायद्याने बेचाळीस दिवस मिळतात. म्हणजे १२ एप्रिलपर्यंत वेळ आहे. आपण दोघी एकत्र बोललो तर मुलं ऐकतील. मी 'हॅरिएट' सुचवते. माझ्या आईचं नाव.

आपली,
रोझलिंड पेनिफोल्ड


हॅलिफॅक्स
८ मार्च

रोझलिंडबाई,

पत्र मिळालं. पाकीट एवढं जाड होतं की मला वाटलं कोर्टाची नोटीस आली.

रानडुक्कर वाचून मी अशी खिदळले की शेजारची पॅट भिंत ठोकायला लागली. तिला वाटलं मला अटॅक आला. आता तिला सांगितलंय, तिने तिच्या बहिणीला सांगितलंय, त्यामुळे निम्म्या हॅलिफॅक्सला माहितीय.

खरं सांगू का, नाव ऐकून मलापण कसंतरीच झालं होतं. क्रेग फोनवर नाव सांगत होता, माझ्या कानातलं यंत्र शिट्ट्या मारत होतं. मी म्हटलं, "काय? हेवी? सात पौंडाच्या पोरीला हेवी कशाला म्हणतोस?" शेवटी त्याने एकेक अक्षर सांगितलं. पण हल्ली सगळ्यांची नावं अशीच असतात हो. मी शाळेत पोरांना जेवण वाढायची तेव्हा एका रांगेत अ‍ॅशली, हेली, ओकली आणि किन्स्ली उभ्या असायच्या. तुम्ही म्हणता तसं 'ली' म्हणजे मोकळी जागा असेल, तर ती हजेरी नव्हतीच, जमिनीच्या नोंदी होत्या.

पण हॅरिएट? आमच्या मामाची शर्यतीची कुत्री होती हॅरिएट. उभ्या जन्मात एक शर्यत जिंकली नाही आणि वर सोफ्यावर मुतायची. ठेवायचंच तर डोरीन ठेवू. माझी बहीण. तिने कुणाच्या सोफ्याला त्रास दिला नाही.

आणि नावांचा विषय निघालाच आहे तर, मी लायब्ररीतल्या बाईला आपल्या सगळ्यांची नावं काढायला लावली. रोझलिंड, जुन्या जर्मनमध्ये म्हणे घोडा. क्रेग म्हणजे खडक, ते मला त्याच्या दुसऱ्या वर्षापासूनच माहितीय. ग्लेनिस म्हणजे शुद्ध, पवित्र. हे मी दोनदा तपासून घेतलं. आणि तुमची इमोजन म्हणजे कुठल्याशा जुन्या छापखान्यातली चूक, असं म्हणतात. म्हणजे बघा, घोडीला झाली छापखान्यातली चूक, तिने केलं खडकाशी लग्न, आणि त्यांना झालं डुकरांचं रान. मला तरी यात काही विसंगत दिसत नाही.

ग्लेनिस (पवित्र)


डिव्हाइझेस
१२ मार्च

प्रिय मिसेस सग्डेन,

माझ्या नावातल्या घोड्याबद्दल विद्वानांत मतभेद आहेत.

डोरीन हे नाव अशक्य आहे. पण तो वाद आपण नंतर घालू, आधी डुकरं हाकलू. मुलांना लिहायच्या पत्राचा मसुदा सोबत जोडते आहे. त्यात मी व्युत्पत्ती दिली आहे, जुन्या दस्तऐवजांतली रूपं दिली आहेत आणि शेवटी पर्यायी नावांची यादी. पत्र दोन्ही आज्यांच्या नावाने गेलं तर त्याला वजन येईल. मी एकटीने लिहिलं तर इमोजन उघडायचीही नाही.

तुम्हाला म्हणून सांगते, ती अलीकडे माझ्याशी नीट वागत नाही. गेल्या ईस्टरला दोघं इथे आली होती. मी कोकराची तंगडी भाजली होती, पुदिन्याची चटणी केली होती. इमोजनने दोन घास खाल्ले, काटा खाली ठेवला आणि म्हणाली, जरा गाडीतून फिरून येतो. जरा म्हणजे तीन तास! आली ती गुडघ्यापर्यंत चिखल घेऊन, गालिच्यावरून सरळ वर खोलीत. मी विचारलं, काय बिनसलंय? तर "काही नाही, आई." तुमच्या क्रेगने तेवढी भांडी घासली, हे मान्य केलं पाहिजे.

संमती कळवा.

आपली,
रोझलिंड पेनिफोल्ड


हॅलिफॅक्स
१५ मार्च

विहीणबाई,

मसुदा वाचला. त्यात तळटिपा आहेत! पोरीला अजून टाके आहेत, दर दोन तासांनी अंगावर पाजतेय, आणि तुम्ही तिला तळटिपा पाठवणार. छान. पाठवा की. खाली माझंपण नाव घाला, चांगलं ठळक. मग येत्या ख्रिसमसला आपल्या दोघींना कुणाच्या घरी जेवायला बोलावतात ते बघू.

ग्लेनिस


हॅलिफॅक्स
२० मार्च

अहो बाई,

तुम्ही खरंच पाठवलंत?

तो टोमणा होता! टोमणा! यॉर्कशरमध्ये शेंबडं पोर ओळखेल असा टोमणा! छत्तीस वर्षं शाळेत काढलीत आणि तुम्हाला एकदाही कुणी टोमणा मारला नाही?

शुक्रवारी क्रेगचा फोन आला. ओरडला असता तर बरं वाटलं असतं. नुसतं म्हणाला, "आई, तूपण?" आणि ठेवला. मग बघते तर ग्रुपमधून मला काढलेलं. काल मातृदिन होता. हा पोरगा सतरा वर्षांचा असताना माझ्याशी महिनाभर बोलत नव्हता, तेव्हासुद्धा त्याने कार्ड दारातून सरकवलं होतं. काल काही आलं नाही. मी चार वेळा पायपुसणं उचलून बघितलं.

मी गुरुवारच्या बसने ब्रिस्टलला मुलांकडे जातेय. हाकललं तर परत येईन.

ग्लेनिस


डिव्हाइझेस
२२ मार्च

प्रिय मिसेस सग्डेन,

मलाही ग्रुपमधून काढलं आहे. कार्ड मलाही आलं नाही.

तुमचं वाक्य मी शब्दशः घेतलं. ही चूक माझी आहे आणि तुमचं नाव घातल्याबद्दल मी क्षमा मागते. व्युत्पत्ती मात्र बरोबर आहे.

तुम्ही इमोजनला भेटलात तर तिला सांगा की

नको. काही सांगू नका.

रोझलिंड पेनिफोल्ड


ब्रिस्टल
३१ मार्च

रोझलिंड,

हे पत्र बसून वाच. आता मिसेस सग्डेन, तुम्ही, आपण हे सगळं बंद. मला एवढं लांबचं लिहिता येणार नाही.

मी पोचले तेव्हा क्रेगने दार वीतभर उघडलं. म्हणाला, "कशाला आलीस?" म्हटलं, "संडासला. सहा तास बसमध्ये आहे, सरक." एकदा आत घुसलं की मला बाहेर काढणं कुणाच्या बापाला जमलेलं नाही. मी मटण भरलेल्या पेस्ट्र्या आणल्या होत्या. खडकाने उभ्या उभ्या तीन खाल्ल्या, मग विरघळला.

तुझ्या लेकीची अवस्था मात्र मला बघवेना. बाळाला खालीच ठेवत नाही. छातीवर हात ठेवून त्याचे श्वास मोजत बसते. मी म्हटलं, दे माझ्याकडे, तू आंघोळ कर, तर दाराशी उभी राहून म्हणते, "मोजताय ना?" घरी येणारी नर्स दोनदा येऊन गेली, तिलापण काळजी वाटतेय. मला वाटलं पहिलटकरीण आहे, होतं असं.

सोमवारी मी दुपटं बदलत होते आणि पोरीने माझ्या बाहीवर जे काय केलं ते तुझ्या लॅटिनमध्येपण सांगता यायचं नाही. माझ्या तोंडून निघून गेलं, "काय गं डुकरे!" मग जीभ चावली. म्हटलं, संपलं, आता संध्याकाळच्या बसने परत. पण इमोजन हसायला लागली. खूप हसली. हसता हसता खाली जमिनीवरच बसली आणि मग ते हसणं राहिलं नाही.

गेल्या वर्षी मार्चमध्ये तिचं एक बाळ गेलं. पाचवा महिना चालू होता. मुलगा होता. त्यांनी आपल्याला काहीच कळवलं नव्हतं, सहावा लागला की ईस्टरला दोन्ही घरी येऊन सांगायचं असं ठरवलं होतं. मग सांगण्यासारखं काही राहिलं नाही, आणि ईस्टरला यायचं तर कबूल केलेलं. म्हणून आली तुझ्याकडे. तेव्हा तिला तीन आठवडे झाले होते, रोझलिंड. तिच्या अंगावर अजून दूध येत होतं.

तुझ्या त्या तंगडीवरून उठून ती दोघं गाडीतून कुठेतरी निघाली. कुठे जायचं ते ठरलं नव्हतं. एका खेड्यापाशी तिला मळमळलं, क्रेगने गाडी थांबवली. शेताच्या कुंपणाशी दोघं चिखलात बसली. आत डुकरं होती, पत्र्याच्या बुटक्या घरांत. एक भलीमोठी डुकरीण आली, हिच्यासमोर उभी राहिली आणि हिच्या हातमोज्यावर शिंकली. इमोजन म्हणते, महिनाभरात ती पहिल्यांदा हसली ते तेव्हा. क्रेगने तिथेच विचारलं, "पुन्हा बघायचं का?" आणि ती म्हणाली, "हो."

मग जाताना गावची पाटी वाचली. अर्थ त्यांनी त्याच दिवशी गाडीत बसून शोधला होता, बाई. त्यांना पहिल्यापासून माहिती होतं. तू तळटिपांसकट पाठवलास तो अर्थ त्यांना पाठ होता.

मी विचारलं, "आईला का नाही सांगितलंस?" ती म्हणाली, "आईसमोर कुणी रडलं की आई खिडकी उघडायला उठते." मी म्हटलं, "मी सांगू?" तर म्हणाली, "तुम्ही सांगा. माझ्याने होणार नाही."

म्हणून सांगितलं. मी बुधवारी परत जातेय, दोन आज्या या घरात मावणार नाहीत. पलंग रिकामा असेल. तू तासाभराच्या अंतरावर राहतेस. मी सहा तास बसमधून आले.

ग्लेनिस

ता. क. येताना काही वाचायला आणू नकोस. खायला आण.


डिव्हाइझेस
४ एप्रिल

ग्लेनिस,

काल मी त्या गावी गेले. चर्चपाशी गाडी लावली आणि चालत निघाले. शेत सापडलं. डुकरं अजून आहेत. मी बराच वेळ कुंपणाशी उभी होते. माझ्याकडे एकही आलं नाही.

त्या ईस्टरला ती वर खोलीत गेल्यावर मी काय केलं माहितीय? मी गालिचा घासत बसले.

शुक्रवारी जाते.

रोझलिंड


डिव्हाइझेस
१३ एप्रिल

ग्लेनिस,

तू विचारणारच, म्हणून सगळं क्रमाने लिहिते.

मी वाटेत बोलायचं पाठ करत गेले होते. क्रेगने दार उघडलं, मागे इमोजन बाळाला घेऊन उभी होती. माझी पहिली दोन वाक्यं झाली आणि तिसरं आठवेना. मी तशीच टोपलं हातात धरून उभी. इमोजन म्हणाली, "आई, आत ये, पाऊस येतोय." मी आत गेले. टोपल्यात काय होतं ते सांगत नाही. बरं, सांगते. तंगडी होती. दुसरं काही मला नीट येत नाही. या वेळी तिने दोनदा वाढून घेतलं.

शनिवारी ती रडली. आम्ही स्वयंपाकघरात होतो, बाळ क्रेगकडे. मी दोन्ही हातांनी खुर्ची धरून ठेवली आणि उठले नाही. फार कठीण गेलं, ग्लेनिस. तुला हसू येईल. चाळीस वर्षांची सवय पायांत असते. तिला ते दिसलं असावं, कारण रडता रडताच म्हणाली, "आई, खुर्ची मोडशील." मग मी खुर्ची सोडली आणि तिला धरलं. ती माझ्याहून उंच झाली आहे, हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं.

मी तिची माफी मागितली. त्या पत्राबद्दलही आणि गालिच्याबद्दलही. ती म्हणाली, पत्र तिने जपून ठेवलंय, मुलगी मोठी झाल्यावर दाखवायला. सगळ्यांत जास्त हसण्याजोगी तळटीप तिसरी आहे म्हणे. खालच्या नावांपैकी एक नाव निरपराध होतं, हे मी तिला स्पष्ट सांगितलं आहे. तुला ग्रुपमध्ये परत घेतलंच आहे, तू तिथे पाठवलेल्या डुकरांच्या अकरा चित्रांवरून दिसलं.

मंगळवारी नोंदणीला गेलो, एक दिवस राखून. तिथल्या बाई चष्म्यावरून बघत म्हणाल्या, "एव्हर्ली? या महिन्यातली ही चौथी. अक्षरं कशी लिहायची? प्रत्येकीची वेगळी आहेत." क्रेग आणि इमोजनने एकदम उत्तर दिलं आणि दोघांनी वेगवेगळं सांगितलं! सहा आठवड्यांत त्यांनी ते ठरवलंच नव्हतं. मी ओठ घट्ट मिटून भिंतीवरचं घड्याळ बघत होते. मग इमोजन माझ्याकडे वळली.

"आई, गावच्या पाटीवर कसं लिहिलंय?"

मी एकेक अक्षर सांगितलं. बाईंनी तसंच उतरवून घेतलं. हॅरिएट नाही, डोरीनही नाही. मधलं नावच नाही. नुसती एव्हर्ली सग्डेन, आणि मला ते कागदावर बरं दिसतंय असं वाटलं. सवय झाली असेल.

बाहेर पायऱ्यांवर क्रेग बाळाची गाडी उघडत होता, ती उघडत नव्हती आणि तो तिला काय काय म्हणत होता ते तू शिकवलेलं असणार. इमोजन दाखला हातात घेऊन कठड्याशी थांबली. ती म्हणाली, "त्याचं कुठेच काही लिहिलेलं नाही. चोवीस आठवड्यांच्या आत असलं की नोंद करत नाहीत. माणसं विचारतात, पहिलंच का? मी हो म्हणते."

इतकी वर्षं मी वर्गात शब्द फोडून अर्थ दाखवत आले. त्या क्षणी मात्र जे तोंडून निघालं ते आपोआप निघालं. मी विचारलं, "त्याचं नाव काय ठेवलं होतंत?"

ती म्हणाली, "हे मला कुणी विचारलंच नाही." मग तिने नाव सांगितलं. क्रेगने गाडीवरून मान वर केली. तिने पुन्हा एकदा सांगितलं, जरा मोठ्याने.

ते मी इथे लिहीत नाही. फोन करून तू तिला स्वतः विचार. कानातलं यंत्र नीट बसवून घे.

तुझी,
रोझलिंड


हॅलिफॅक्स
२४ एप्रिल

रोझलिंड,

विचारलं. छान नाव आहे.

खबरदार, अर्थ शोधायला गेलीस तर.

ग्लेनिस